अपघात अवकाशातले, कारणे जमिनीवरची

मानवी अवकाशप्रवासाचा इतिहास आपल्याकडे बहुधा विक्रमांची यादी होऊन पोहोचतो. १९६१ साली युरी गागारिन, १९६३ साली व्हॅलेंतिना तेरेश्कोवा, १९६९ साली नील आर्मस्ट्राँग, १९८४ साली राकेश शर्मा. स्पर्धा परीक्षांची तयारी करणारी मुले ही यादी तोंडपाठ म्हणून दाखवतात. तिला लागूनच असलेली दुसरी यादी मात्र श्रद्धांजलीच्या एखाद्या परिच्छेदात उरकली जाते. कोमारोव्ह, दोब्रोव्होल्स्की, ग्रिसम, रेझनिक ही नावे मराठी वाचकाला परकीच राहिली. कल्पना चावला तेवढी आपली, म्हणून तिचे नाव घरोघरी गेले; पण ती ज्या यानात होती ते कशामुळे तुटले असे विचारले, तर ‘उतरताना काहीतरी बिघाड झाला’ यापलीकडे फारसे उत्तर मिळत नाही. प्रस्तुत पुस्तक या दुसऱ्या यादीचे आहे. मृत्यूंची वर्णने त्यात आहेत, परंतु लेखकाचा खरा रोख त्या मृत्यूंच्या आधीच्या आठवड्यांवर, महिन्यांवर आणि वर्षांवर आहे.

या विषयात नव्याने शिरणाऱ्याने आधी मोजणी समजून घ्यावी, कारण कोणाला मोजायचे यावरही वाद आहेत. यान सुटल्यानंतर आणि परत टेकण्यापूर्वी प्राण गमावलेले अंतराळवीर धरले तर आकडा १८ होतो: सोयुझ-१ मध्ये एक, सोयुझ-११ मध्ये तीन, चॅलेंजरमध्ये सात आणि कोलंबियामध्ये सात. १५ नोव्हेंबर १९६७ रोजी एक्स-१५ हे रॉकेटविमान सुमारे ८१ किलोमीटर उंचीवर नेऊन परतताना मारले गेलेले मायकेल ॲडम्स यांना धरले तर १९. अमेरिकी हवाई दल ५० मैलांवर, म्हणजे सुमारे ८० किलोमीटरवर, अवकाशाची हद्द मानते. आंतरराष्ट्रीय वैमानिक महासंघ ती १०० किलोमीटरवर मानतो. ही दुसरी हद्द घेतली तर प्रत्यक्ष अवकाशात मृत्यू आला तो फक्त सोयुझ-११ मधल्या तिघांना. चॅलेंजर तुटले तेव्हा ते जेमतेम १४ किलोमीटर उंचीवर होते, कोलंबिया साधारण ६० किलोमीटरवर आणि कोमारोव्ह यांचा अंत जमिनीवर आदळून झाला.

सराव करताना गेलेल्यांची गणना निराळी आहे. अपोलो-१ चे तीन अंतराळवीर उड्डाणतळावरच्या चाचणीत गेले. थिओडोर फ्रीमन, एलियट सी, चार्ल्स बॅसेट आणि क्लिफ्टन विल्यम्स हे टी-३८ या सरावाच्या विमानांच्या अपघातांत गेले. सी आणि बॅसेट यांचे विमान सेंट लुईस येथे ज्या इमारतीवर आदळले, त्याच इमारतीत त्यांचे जेमिनी-९ यान बांधले जात होते. गागारिनही २७ मार्च १९६८ रोजी मिग विमानाच्या सराव उड्डाणातच मृत्युमुखी पडले. १९७१ साली अपोलो-१५ च्या अंतराळवीरांनी चंद्रावर एक लहानशी ॲल्युमिनियमची मूर्ती आणि १४ दिवंगतांच्या नावांची पट्टी ठेवली. त्या पट्टीवर व्हॅलेंतिन बोंदारेन्को याचे नाव नाही, कारण असा कोणी तरुण होता हेच पाश्चात्त्य जगाला ठाऊक नव्हते. अमेरिकेने अंतराळवीर म्हणून निवडलेले पहिले कृष्णवर्णीय वैमानिक रॉबर्ट लॉरेन्स यांचेही नाव नाही. ते हवाई दलाच्या लष्करी अवकाश कार्यक्रमात होते आणि ‘आपल्या’ यादीत बसत नव्हते. आठवणींच्या याद्यांनाही धोरण असते, हे लेखकाने सुरुवातीलाच ठसवले आहे.

या संपूर्ण इतिहासाचे मला जाणवलेले सार असे आहे की, अवकाशाच्या अज्ञात शक्तींनी माणसे मारल्याचे उदाहरण जवळजवळ नाही. आगीने मारले, न उघडलेल्या पॅराशूटने मारले, एका झडपेने, रबराच्या कडीने, फोमच्या तुकड्याने मारले. आणि प्रत्येक वेळी त्या धोक्याची, निदान त्याच्या जातीच्या धोक्याची, कुणाला तरी आधी कल्पना होती. ती माहिती निर्णय घेणाऱ्यापर्यंत पोहोचली नाही, किंवा पोहोचून तिचे वजन घटले. म्हणून अवकाश अपघातांचा अभ्यास हा बऱ्याच अंशी वाईट बातमीच्या प्रवासाचा अभ्यास आहे.

पहिला कालखंड शर्यतीचा. २३ मार्च १९६१, म्हणजे गागारिन यांच्या उड्डाणाच्या तीन आठवडे आधी, मॉस्कोतल्या एका बंद कक्षात बोंदारेन्कोची चाचणी चालू होती. कक्षात ऑक्सिजनचे प्रमाण जास्त होते. त्वचा पुसलेला अल्कोहोलचा कापूस त्याच्या हातून विजेच्या तापलेल्या शेगडीवर पडला आणि भडका उडाला. बोंदारेन्को वाचू शकला नाही. ही हकिगत सोव्हिएत वृत्तपत्रात जाहीरपणे छापून यायला १९८६ साल उजाडावे लागले. २७ जानेवारी १९६७ रोजी केप केनेडीला अपोलो-१ च्या यानात गस ग्रिसम, एड व्हाइट आणि रॉजर चॅफी बसले होते. खालच्या रॉकेटात इंधन नव्हते, म्हणून चाचणी धोकादायक वर्गात धरलेलीच नव्हती. यानात शुद्ध ऑक्सिजन होता आणि तोही वातावरणापेक्षा किंचित जास्त दाबाचा. आतमध्ये नायलॉनच्या जाळ्या आणि व्हेल्क्रोच्या पट्ट्या होत्या, तारांचे जंजाळ होते आणि दार आतल्या बाजूला उघडणारे होते. ठिणगी पडल्यावर आतला दाब वाढला आणि ते दार माणसाच्या बळाने उघडणे अशक्य झाले. बाहेरच्या कामगारांना दरवाजे काढायला पाच मिनिटे लागली.

इथे एक लोकप्रिय समजूत तपासून पाहावी लागते. सोव्हिएतांनी बोंदारेन्कोची बातमी दिली असती तर अपोलोचे तिघे वाचले असते, असे अनेकदा लिहिले जाते. पण शुद्ध ऑक्सिजनच्या कक्षांत आगी लागल्याच्या घटना खुद्द अमेरिकेच्या लष्करी प्रयोगशाळांत नोंदवल्या गेल्या होत्या. मग ती पद्धत चालू का राहिली? कारण मर्क्युरीची ६ आणि जेमिनीची १० समानव उड्डाणे त्याच पद्धतीने निर्वेध पार पडली होती. सोळा वेळा आग लागली नाही, तेव्हा सतराव्यांदाही लागणार नाही, हा हिशेब कुणी कागदावर मांडला नव्हता. तो सवयीत मुरला होता. चौकशी मंडळावर काम केलेले अंतराळवीर फ्रँक बोरमन यांनी अमेरिकी संसदेपुढे याला कल्पनाशक्तीचे अपयश म्हटले. गुप्ततेने माहिती दडते हे खरे. पण उघड्या समाजातही ती यशाच्या ढिगाखाली सहज दडू शकते.

तीनच महिन्यांनी, २४ एप्रिल १९६७ रोजी, व्लादिमीर कोमारोव्ह यांचे सोयुझ-१ ओरेनबुर्गच्या गवताळ माळावर आदळले. आधीच्या हिवाळ्यात सोयुझच्या तीन मानवरहित चाचण्या ठरल्या होत्या आणि तिन्ही बिघडल्या होत्या. तरीही यान माणसासह सोडले गेले. कक्षेत पोहोचताच एक सौर पंख उघडला नाही, यान स्थिर करणे अवघड झाले आणि उड्डाण आवरते घेतले गेले. परतताना मुख्य पॅराशूट आपल्या पेटीतून बाहेरच आले नाही आणि राखीव पॅराशूट गुंतले. पाठोपाठ सोयुझ-२ मधून तिघे जाणार होते. ते उड्डाण रद्द झाले म्हणून ते वाचले. कोमारोव्ह संतापाने ओरडत गेल्याची एक ध्वनिफीत इंटरनेटवर फिरत असते. तिला विश्वासार्ह आधार नाही, आणि लेखकाने ती बाजूला ठेवली हे योग्यच केले.

सोयुझ-११ ची कहाणी या पुस्तकातील सर्वांत शांत आणि म्हणून सर्वांत अस्वस्थ करणारी आहे. गिओर्गी दोब्रोव्होल्स्की, व्लादिस्लाव व्होल्कोव्ह आणि विक्तोर पात्सायेव्ह हे मूळचे राखीव गटातले. मुख्य गटातल्या व्हॅलेरी कुबासोव्ह यांच्या फुप्फुसात डाग दिसला, तेव्हा अख्खा गट बदलला गेला. सॅल्यूत-१ या पहिल्या अवकाशस्थानकावर तीन आठवडे राहून ते परत निघाले. ३० जून १९७१ रोजी यानाचे भाग विलग करणारे स्फोटक बोल्ट उडाले, तेव्हाच्या हादऱ्याने, अखेरच्या काही किलोमीटरवर उघडायची एक झडप १६८ किलोमीटर उंचीवरच उघडली. हवा निघून गेली. ती झडप हाताने बंद करायला सुमारे मिनिटभर लागत होते आणि तेवढा वेळ त्यांच्या शुद्धीला नव्हता. यान ठरल्याप्रमाणे, ठरलेल्या पॅराशूटवर, कझाकस्तानात अलगद उतरले. मदतीला धावलेल्यांनी दार उघडले तेव्हा तिघांचे देह अजून उबदार होते. त्यांच्या अंगावर दाबपोशाख नव्हते, कारण पोशाख घातले असते तर त्या यानात तिघे मावले नसते. १९६४ साली व्होस्खोदमध्ये तीन माणसे बसवण्यासाठी पोशाख काढले गेले आणि मग तीच रीत झाली. अपघातानंतर सोयुझमध्ये दोघेच जाऊ लागले, चढताना आणि उतरताना सोकोल पोशाख सक्तीचा झाला. १९७१ नंतर सोयुझमध्ये एकही अंतराळवीर दगावलेला नाही. १९७५, १९८३ आणि २०१८ या तिन्ही वर्षी रॉकेट बिघडूनही आतली माणसे जिवंत परतली. धडा घेतला की काय होते याचे इतके स्वच्छ उदाहरण दुसरे नाही.

पुढचा कालखंड स्पेस शटलचा, आणि पुस्तकाचा गाभाही तोच. १९८१ ते २०११ या काळात शटलने १३५ उड्डाणे केली, त्यांतली दोन याने गेली आणि १४ माणसे गेली. साधारण दर ६७ उड्डाणांमागे एक. १९८६ पूर्वी नासाच्या काही व्यवस्थापकांचा अंदाज लाखात एक असा होता. अभियंते शंभरात एक म्हणत होते. भौतिकशास्त्रज्ञ रिचर्ड फाइनमन यांनी चौकशी अहवालाला जोडलेल्या परिशिष्टात ही तफावत नोंदवून ठेवली. पहिल्या चार उड्डाणांत दोन वैमानिकांसाठी बाहेर फेकल्या जाणाऱ्या खुर्च्या होत्या. नंतर माणसे वाढली आणि त्या काढून टाकण्यात आल्या. बाहेर पडण्याची सोय काढली गेली तेव्हा शटलची चारच उड्डाणे झाली होती, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

२७ जानेवारी १९८६ च्या संध्याकाळची दूरध्वनी बैठक आता अभियांत्रिकीच्या आणि व्यवस्थापनाच्या अभ्यासक्रमांत शिकवली जाते. घन इंधनाचे बूस्टर बनवणाऱ्या मॉर्टन थायोकॉल कंपनीचे अभियंते रॉजर बॉइजॉली आणि त्यांचे सहकारी सांगत होते की, सांध्यातल्या रबरी कड्या थंडीत कडक होतात, म्हणून १२ अंश सेल्सिअसखाली उड्डाण करू नये. बॉइजॉलींनी जुलै १९८५ मध्येच लेखी इशारा दिला होता. फ्लोरिडात दुसऱ्या दिवशी पारा शून्याच्या आसपास जाणार होता. नासाकडून प्रश्न आला: धोका आहे हे सिद्ध करता येईल का? आकडेवारी अपुरी होती, सिद्ध करता येईना. कंपनीच्या व्यवस्थापनाने अभियंत्यांना बाजूला ठेवून होकार दिला; कंपनीच्याच ॲलन मॅकडोनाल्ड यांनी त्या होकारावर सही करायला नकार दिला. एरवी रीत उलटी असते: सुरक्षित आहे हे सिद्ध करा, मगच उडा. त्या रात्री ओझे उलट्या खांद्यावर गेले आणि बैठकीतल्या बहुतेकांना ते जाणवलेही नाही. दुसऱ्या सकाळी ७३ व्या सेकंदाला चॅलेंजर तुटले. प्रवासी कक्ष मात्र बराचसा अखंड राहून समुद्राकडे कोसळत गेला आणि पावणेतीन मिनिटांनी पाण्यावर आदळला. सापडलेल्या चार आपत्कालीन श्वसनसंचांपैकी तीन सुरू केलेले आढळले. शिक्षिका क्रिस्टा मॅकऑलिफ यांना पाहायला देशभरच्या शाळांत टीव्ही लावले होते, ही गोष्ट सगळ्यांना माहीत आहे. श्वसनसंचांची नोंद मात्र तेवढी सांगितली जात नाही.

फाइनमन यांनी बर्फाच्या पाण्यात रबर बुडवून दाखवले ते दृश्यही प्रसिद्ध आहे. त्याच्या मागचा धागा पुस्तकात नेमका पकडला आहे. चॅलेंजरच्या चौकशी आयोगाचे सदस्य जनरल डोनाल्ड कुटिना यांनी पुढे सांगितले की, कड्यांच्या थंडीतल्या वर्तनाचा कागद अंतराळवीर सॅली राइड यांनी गुपचूप त्यांच्या हाती दिला होता आणि मग कुटिना यांनी फाइनमन यांना त्या दिशेने वळवले. आतून कुणी बोलले नसते, तर बाहेरच्या बुद्धिमान माणसालाही दार सापडले नसते.

कोलंबियाच्या १६ दिवसांना पुस्तकात सर्वाधिक जागा मिळाली आहे, आणि ती मिळायलाच हवी होती. १६ जानेवारी २००३ रोजी उड्डाणानंतर ८२ व्या सेकंदाला बाह्य टाकीवरचा फोमचा एक तुकडा सुटला. त्याचे वजन पाऊण किलोच्या आसपास होते आणि तो ताशी ८०० किलोमीटरच्या घरातल्या वेगाने डाव्या पंखाच्या पुढच्या कडेवर आदळला. दुसऱ्या दिवशी चित्रफितीत ते दिसले. अभियंत्यांनी यानाची छायाचित्रे लष्करी उपग्रहांकडून काढून घ्यावीत असा आग्रह वेगवेगळ्या वाटांनी तीनदा धरला. तिन्ही वाटा व्यवस्थापनापाशी थांबल्या. फोम सुटणे नवे नव्हते. दोनच उड्डाणे आधी, ऑक्टोबर २००२ मध्ये, त्याच जागेचा तुकडा बूस्टरवर आदळला होता आणि तरीही वेळापत्रक पुढे सरकले होते. १ फेब्रुवारीला, जमिनीला टेकायला १६ मिनिटे उरली असताना, टेक्सासच्या आकाशात यान तुटले. जुलैमध्ये सॅन अँटोनियोच्या प्रयोगशाळेत तसाच फोम तशाच पंखावर डागला गेला. सुमारे ४० सेंटिमीटरचे भोक पडले. फोमने पंखाला काही होणार नाही, असे मानणाऱ्यांना तो प्रयोग पाहावाच लागला.

ॲडमिरल हॅरल्ड गेहमन यांच्या कोलंबिया चौकशी मंडळाने अहवालात फोमला आणि संस्थेच्या रीतीभातींना सारखीच जबाबदारी दिली. गंभीर तांत्रिक विश्लेषणे पॉवरपॉइंटच्या पाट्यांवर कोंबली जातात आणि त्यांत शंका हरवतात, हेही त्यात लिहिले गेले. सॅली राइड या मंडळावरही होत्या. दोन्ही चौकश्यांत बसलेली ती एकमेव व्यक्ती, आणि दोन्हींत त्यांना तेच प्रतिध्वनी ऐकू आले.

हे सारे समजून घेण्याच्या निरनिराळ्या परंपरा गेल्या पन्नास वर्षांत तयार झाल्या. पहिली चौकशी आयोगांची: तुकडे गोळा करा, बिघडलेला भाग शोधा, शिफारशी करा. दुसरी चार्ल्स पेरो यांची. १९७९ च्या थ्री माइल आयलंड अणुभट्टीच्या घटनेनंतर लिहिलेल्या १९८४ च्या ग्रंथात त्यांनी मांडले की, गुंतागुंतीच्या आणि घट्ट जखडलेल्या यंत्रणांत अपघात अटळच असतात. सुरक्षेसाठी घातलेला प्रत्येक नवा थर गुंतागुंत वाढवतो. त्याला उत्तर म्हणून बर्कलीच्या टॉड लापोर्ट, कार्लीन रॉबर्ट्स यांच्यासारख्या अभ्यासकांनी विमानवाहू जहाजे आणि हवाई वाहतूक नियंत्रण अभ्यासले. काही संस्था भयंकर जोखमीची कामे वर्षानुवर्षे सुरक्षित करतात, असे त्यांना दिसले, कारण तिथे सर्वांत धाकटा माणूसही काम थांबवू शकतो. चौथी परंपरा समाजशास्त्रज्ञ डायेन व्हॉन यांची. चॅलेंजरवर १९९६ साली आलेल्या ग्रंथात त्यांनी दाखवले की, त्या रात्री कुणी जाणूनबुजून नियम मोडले नव्हते. वर्षानुवर्षे थोडे थोडे वाकडे चालले ते सरळ वाटू लागले होते. एमआयटीच्या नॅन्सी लेव्हसन यांनी पुढे जाऊन सांगितले की, एकच मूळ कारण शोधण्याची सवयच चुकीची आहे. अपघात म्हणजे नियंत्रणाचे अनेक दुवे एकाच वेळी सैल पडणे. याशिवाय सोव्हिएत बाजू उघड करणाऱ्या इतिहासकारांचे आणि आठवणी लिहिणाऱ्यांचे काम आहे: असिफ सिद्दिकी यांचे संशोधन, बोरिस चेर्तोक यांच्या आठवणी, जनरल निकोलाय कामानिन यांच्या रोजनिशा. ते नसते तर सोयुझच्या प्रकरणांना इतके तपशील मिळाले नसते.

लेखक या परंपरांपैकी कोणत्याही एकीचा वारकरी नाही, पण त्याचा कल व्हॉन यांच्याकडे आहे हे लपत नाही. तरीही प्रत्येक प्रकरणाच्या अखेरीला तो एखाद्या व्यवस्थापकाला नाव घेऊन पिंजऱ्यात उभे करतो, आणि इथे माझा त्याच्याशी मतभेद आहे. व्हॉन यांचे म्हणणे पूर्ण मानायचे तर त्या जागी दुसरा माणूस असता तरी निर्णय फारसा बदलला नसता. नावे घ्यावीत, ती सार्वजनिक नोंदीत आहेतच. पण खलनायक सापडला की वाचकाचे समाधान होते आणि प्रश्न तिथेच संपतो. सुदैवाने पुस्तकातली सामग्री लेखकाच्या निवाड्यापेक्षा अधिक समंजस आहे.

हे पुस्तक आत्ता का, याची तीन कारणे दिसतात. पहिले, अवकाशात जाणारे आता सरकारी कर्मचारीच राहिलेले नाहीत. ३१ ऑक्टोबर २०१४ रोजी व्हीएसएस एंटरप्राइज हे प्रवासी रॉकेटविमान चाचणीत तुटले आणि मायकेल अल्सबरी मृत्युमुखी पडले. पंख वळवण्याच्या यंत्रणेचे कुलूप वेळेआधी निघाले होते. चौकशीत आढळले की, वैमानिकाच्या हातून अशी एक चूक झाली तर काय होईल, याचा विचार यान घडवणाऱ्यांनी केलाच नव्हता. अमेरिकेत २००४ पासूनच्या कायद्यानुसार अशा खासगी प्रवाशांच्या सुरक्षेवर सरकारी नियमन मुद्दाम मर्यादित ठेवले आहे आणि ती मुदत पुन्हा पुन्हा वाढवली गेली आहे. प्रवासी धोका समजून-उमजून सही करतो. पण त्याला नेमके काय समजलेले असते?

दुसरे, जुने धडे उपयोगी पडल्याचे ताजे उदाहरण समोर आहे. २०२४ साली स्टारलायनर यानातून गेलेल्या सुनीता विल्यम्स आणि बुच विल्मोर यांचा आठवडाभराचा मुक्काम नऊ महिन्यांचा झाला, कारण इंजिने आणि हेलियमची गळती यांबद्दल शंका उरली आणि नासाने यान रिकामे परत आणले. बातम्यांत ‘अडकले’ असे म्हटले गेले. तो निर्णय जाहीर करताना नासाच्या प्रमुखांनी चॅलेंजर आणि कोलंबिया यांची आठवण काढली होती. शंका असेल तर माणसे बसवू नका, हे संस्थेने शिकायला १४ जीव गेले होते.

तिसरे कारण आपल्या घरचे आहे. तीन अंतराळवीरांना सुमारे ४०० किलोमीटर उंचीवर नेऊन समुद्रात उतरवण्याची गगनयानची योजना आहे. त्याला उचलणाऱ्या एलव्हीएम-३ रॉकेटचे दोन बूस्टर घन इंधनाचे आहेत आणि प्रत्येक बूस्टर तीन खंड जोडून उभा राहतो. त्या कवचांचे खंड पवईच्या आणि वालचंदनगरच्या कारखान्यांत घडतात, आणि त्याच रॉकेटची ‘विकास’ नावाची इंजिने विक्रोळीत. चॅलेंजर ज्या सांध्यामुळे गेले, त्या जातीच्या सांध्यांशी महाराष्ट्रातल्या कामगारांचा आणि अभियंत्यांचा रोजचा संबंध आहे. २१ ऑक्टोबर २०२३ रोजी श्रीहरिकोट्याला बचाव यंत्रणेची चाचणी होती. सुटायला पाच सेकंद उरले असताना संगणकाने उड्डाण थांबवले. दोष शोधून त्याच सकाळी दहा वाजता ते पार पडले. माणसे त्या यानात नव्हती, पण थांबण्याची सवय लागते ती अशाच दिवशी. २०२५ च्या जूनमध्ये शुभांशु शुक्ला यांचे उड्डाण द्रव ऑक्सिजनच्या गळतीमुळे पुढे गेले, तेव्हा आपल्याकडे अनेकांना विलंबाचा कंटाळा आला होता. या पुस्तकाच्या वाचकाला तसा कंटाळा पुन्हा येणार नाही, अशी आशा आहे.

पुस्तकाच्या मर्यादाही सांगायला हव्यात. चीनच्या कार्यक्रमाला त्यात थोडीच जागा मिळाली आहे, कारण उघड कागदपत्रे कमी आहेत. उड्डाणतळांवर काम करताना दगावलेल्या तंत्रज्ञांना स्वतंत्र प्रकरण हवे होते. १९८० साली प्लेसेत्स्कला रॉकेटच्या स्फोटात ४८ आणि २००३ साली ब्राझीलच्या अल्कान्तारा येथे २१ माणसे गेली, त्यांचा उल्लेख ओझरता आहे. तांत्रिक भाग मात्र दहावीपर्यंत विज्ञान शिकलेल्या कोणालाही समजेल इतका सोपा उतरला आहे आणि सोपा करताना खोटा झालेला नाही. आकृत्या साध्या आहेत. प्रत्येक अपघाताआधी कोणाला काय माहीत होते याचा तक्ता तर अभियांत्रिकीच्या वर्गांत लावून ठेवण्यासारखा आहे.

अखेरीस वाचकाला एक विनंती. आपल्याकडे कर्तव्य बजावताना गेलेल्या माणसाला हुतात्मा म्हणून वंदन करण्याची रीत आहे आणि तिच्यात आदर आहे. पण वंदनाने चौकशी संपते. कल्पना चावलाचे नाव आपण उपग्रहाला दिले, शिष्यवृत्त्यांना आणि वसतिगृहांना दिले. तिच्या मृत्यूची कारणमीमांसा करणारा अहवाल मात्र फार थोड्यांनी उघडला. कोलंबिया चौकशी मंडळाचा अहवाल कोणालाही विनामूल्य वाचता येतो. हे पुस्तक संपल्यावर, इंग्रजी वाचता येणाऱ्यांनी त्याच्या पहिल्या खंडातले सातवे आणि आठवे प्रकरण अवश्य वाचावे. त्यात रॉकेटशास्त्र फारसे नाही. त्यात कार्यालये आहेत, बैठका आहेत, वेळापत्रके आहेत आणि बोलायला कचरणारी माणसे आहेत. ती तुमच्या-माझ्या कामाच्या ठिकाणीही आहेत.